परवानाधारकाच्या पश्चात

सांगली जिल्ह्यातल्या खानापूर-आटपाडी भागातली गलाई करणारी कुटुंबे देशभर पांगली आहेत. चेन्नईच्या सौकारपेटेतही सोने-चांदी गाळण्याची त्यांची दुकाने आहेत. अशा दुकानाचा कर्ता पुरुष वारला की गावाकडे तेराव्याची तयारी सुरू होते आणि दुकानाच्या भिंतीवरच्या परवान्यावर नाव मात्र त्याचेच राहते. भट्टी पेटती ठेवायची का? ठेवली तर कोणाच्या नावावर? या प्रश्नांतून उभ्या राहणाऱ्या कज्ज्यांचा अभ्यास पुढच्या प्रकरणांत केला आहे. विषय वारसा कायदा आणि प्रशासकीय कायदा यांच्या बांधावर पडतो, म्हणून दोन्हीकडच्या अभ्यासकांनी त्याच्याकडे फारसे पाहिले नाही. नव्या वाचकाला इथे काम करायला भरपूर जागा आहे.

एक गोष्ट आधीच मनाशी पक्की करावी. माल, येणी, नावलौकिक हे सारे वारसांकडे जाते. परवाना ही मात्र सरकारने एका व्यक्तीला दिलेली मुभा असते. वेलू पडयाची विरुद्ध शिवसूरियम पिळ्ळै या खटल्यात (1950) मद्रास उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने हे फार कडकपणे सांगितले: अरक-ताडीचा परवाना एकाच्या नावावर आणि धंदा भागीदारीत, तर ती भागीदारी मुळातच रद्दबातल. वाद हयात भागीदारांचा होता, पण परवाना आपसांत वाटून घेता येत नाही हा त्यामागचा विचार वारसांनाही आडवा येतो. 2003 पासून तमिळनाडूत किरकोळ दारूविक्री सरकारी ‘टासमॅक’कडे गेली आणि तिथे दारू-दुकानांच्या वारसाहक्काचा प्रश्न मागे पडला. महाराष्ट्रात खासगी परवाने आहेत, म्हणून तो इथे जिवंत आहे.

तरीही कायदा निष्ठुर नाही. मोटार वाहन अधिनियम, 1988 चे कलम 82 सावकाश वाचावे. परमिटधारक वारल्यावर वाहनाचा ताबा ज्याच्याकडे येतो, त्याला तीन महिने ते परमिट स्वतःचे असल्यासारखे वापरता येते. मात्र मृत्यूची खबर तीस दिवसांत द्यावी लागते आणि नावावर करून घेण्याचा अर्ज, उशिराला सबळ कारण नसेल तर, त्या तीन महिन्यांतच करावा लागतो. अन्न परवान्याच्या नियमांत अशीच 90 दिवसांची सवड आहे. पथविक्रेता अधिनियम, 2014 मध्ये तर क्रमच ठरवून दिला आहे: आधी पती किंवा पत्नी, मग अवलंबून असलेले अपत्य.

कलम 82 मध्ये ‘वारस’ म्हटलेले नाही, ताबा म्हटला आहे. 1939 च्या जुन्या कायद्याखाली धनी देवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हाच धागा धरला: परमिटसाठी अर्ज करणारा निकालाआधी वारला, तर वाहने ज्याच्या ताब्यात आली त्याला तो अर्ज पुढे चालवू देता येतो. प्रवाशांची गाडी थांबू नये, या दृष्टीने ही कसोटी रास्त आहे. पण गल्ल्यावर कधी न बसलेल्या विधवेवर आणि सासरी गेलेल्या लेकीवर ती अन्याय करते, असे माझे स्पष्ट मत आहे. कायदा लागू होईपर्यंत लग्न न झालेल्या मुलींना हिंदू एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मसिद्ध वाटा तमिळनाडूने 1989 पासून दिला, महाराष्ट्राने 1994 मध्ये, आणि 2005 मध्ये तो देशभर साऱ्याच मुलींना मिळाला. वाटेकरी वाढले, परवान्यावरचे नाव बहुधा एकच राहिले. चेन्नईतल्या धाकट्या भावाच्या हाती किल्ल्या आणि गावाकडे विट्यातल्या बहिणीच्या हाती हिस्सा, हे भांडण इथूनच सुरू होते.

कागदपत्रांतही प्रांताप्रांताचा फरक आहे. तमिळनाडूत वारस दाखला तहसीलदार देतो. महाराष्ट्रात 1827 च्या मुंबई विनियम 8 खाली दिवाणी न्यायालयाकडून वारस प्रमाणपत्र घ्यावे लागते. तहसीलदाराच्या दाखल्यात नातेवाईकांची नावे असतात, मालकी ठरलेली नसते. परवाना देणाऱ्या अधिकाऱ्याने त्या दाखल्यावर कितपत विसंबावे, आणि वारसांपैकी एकाने हरकत घेतली तर थांबावे की तात्पुरती परवानगी देऊन बाकीचे दिवाणी न्यायालयावर सोडावे, यापासून पहिले प्रकरण सुरू होते.