अजिंठा किती वेळात बघून होतो?

आजचा भाग प्रवासाचा आहे, पण वाट इतिहासातून जाते. प्रश्न अगदी साधा आहे: अजिंठा, वेरूळ, औंढा किंवा एखादं मोठं संग्रहालय बघायला किती वेळ लागतो? आणि तो वेळ ठरवतं कोण?

आपल्या भागातली सहल कशी असते ते तुम्हाला माहीतच आहे. राणीसावरगाव, गंगाखेड या बाजूनं गाडी रात्रीच निघते. सोबत धपाटे, शेंगदाण्याची चटणी, पाण्याचे कॅन. सकाळी वेरूळ, मग घृष्णेश्वराचं दर्शन, मग देवगिरीचा किल्ला, वर चढायचं की नाही यावर अर्धा तास वाद, दुपारनंतर मकबरा आणि पाणचक्की. दुसऱ्या दिवशी अजिंठा. प्रत्येक ठिकाणी उतरताना एकच सूचना, "अर्ध्या तासात सगळ्यांनी गाडीपाशी यायचं." घरी आल्यावर कुणी विचारलं की आपण म्हणतो, सगळं बघून झालं.

आता याच अजिंठ्यात कुणी किती वेळ घालवला, ते बघू.

28 एप्रिल 1819. जॉन स्मिथ नावाचा मद्रास फौजेतला एक इंग्रज अधिकारी शिकारीसाठी वाघुर नदीच्या दरीत आला आणि त्याला लेणी दिसली. आजूबाजूच्या माणसांना ती आधीपासून माहीत होतीच, पण बाहेरच्या जगाला ती कळली ती इथून. स्मिथनं काय केलं? दहाव्या लेण्यात एका खांबावर, रंगवलेल्या चित्रावरच, आपलं नाव आणि तारीख कोरली. ते नाव आज माणसाच्या डोक्यापेक्षा बरंच वर आहे, कारण तेव्हा लेण्यात माती-दगडांचा थर साचला होता आणि तो त्यावर उभा होता. म्हणजे बघा, अजिंठ्याच्या आधुनिक इतिहासातला हा पहिला नामांकित पर्यटक. आला, नाव कोरलं, गेला. त्याचा वारसा आपण अजूनही इमानानं चालवतोय, प्रत्येक किल्ल्यावर बदाम काढून.

दुसरा माणूस रॉबर्ट गिल. जेम्स फर्ग्युसननं 1843 मध्ये या लेण्यांबद्दल लंडनमध्ये निबंध वाचला, त्यानंतर ईस्ट इंडिया कंपनीला जाग आली आणि 1844 मध्ये मेजर गिलला चित्रांच्या नकला करायला पाठवलं. वाघ, ताप, मधमाश्या, ओलावा, सगळं सोसत तो वर्षानुवर्षं त्या भिंतींसमोर बसला. त्याच्यासोबत राहणाऱ्या पारोची कबर अजिंठा गावात आहे, तिच्यावर 1856 साल आहे. गिल 1879 मध्ये भुसावळला वारला. त्याच्या मोठमोठ्या तैलचित्रांचं काय झालं? ती लंडनजवळच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये मांडली होती आणि 1866 च्या डिसेंबरात तिथं लागलेल्या आगीत बहुतेक जळून गेली.

इथं गोष्ट थांबायला हवी होती. थांबली नाही. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टचे जॉन ग्रिफिथ्स 1872 मध्ये आपले विद्यार्थी घेऊन अजिंठ्याला आले. पेस्तनजी बोमनजी हे त्यांतलं मोठं नाव. हंगामामागून हंगाम, 1885 पर्यंत हे काम चाललं. आणि 1885 मध्ये लंडनला साउथ केन्सिंग्टनमध्ये आग लागली आणि यांतल्याही कितीतरी नकला गेल्या. उरलेल्या कामावरून ग्रिफिथ्सनी 1896-97 मध्ये दोन खंडांचं पुस्तक काढलं. मग 1909 ते 1911 च्या हिवाळ्यांत लेडी हेरिंगहॅम आल्या. त्यांच्यासोबत बंगालचे नंदलाल बोस, असितकुमार हलदार होते, आणि हैदराबादचे सय्यद अहमद.

तिसऱ्या वेळी कुणी परत त्याच भिंतीसमोर का बसावं? कारण भिंत रोज थोडी थोडी जात होती. गिलनं पाहिलेलं सगळं ग्रिफिथ्सना दिसलं नाही, ग्रिफिथ्सनी पाहिलेलं सगळं हेरिंगहॅमना. गिलाव्याचे पोपडे पडत होते, वटवाघळांची घाण होती, हौशी लोक तुकडे खरवडून नेत होते. चित्रं उठून दिसावीत म्हणून ज्यांनी रोगण लावलं, त्यांच्या चांगल्या हेतूचंही नुकसानच झालं. रोगण काळवंडलं आणि पुढच्या पिढीला ते काढत बसावं लागलं.

तेव्हा अजिंठा कुणाच्या राज्यात होतं? आपल्याच. म्हणजे निजामाच्या, जिथं परभणी जिल्हाही होता. 1914 मध्ये हैदराबाद संस्थानानं स्वतःचं पुरातत्त्व खातं काढलं आणि गुलाम यझदानी त्याचे प्रमुख झाले. त्यांनी 1920 च्या सुमाराला इटलीहून दोन तज्ज्ञ बोलावून सुटत चाललेला गिलावा भिंतीला पुन्हा चिकटवून घेतला. अजिंठ्यावरचं त्यांचं चार भागांचं पुस्तक 1930 ला सुरू झालं आणि 1955 ला संपलं. मधे संस्थान गेलं, 17 सप्टेंबर 1948 उजाडला, मराठवाडा भारतात आला, आणि यझदानींचं अजिंठा अजून चालूच होतं. अमेरिकन अभ्यासक वॉल्टर स्पिंक यांनी तर अर्धं आयुष्य इथं घालवलं. महायान काळातली बहुतेक लेणी वाकाटक राजा हरिषेणाच्या काळात, इसवी सनाच्या पाचव्या शतकात, जेमतेम दोन दशकांत खोदली गेली असं त्यांचं म्हणणं. ते सगळ्यांना पटलेलं नाही. पण दाराचं एखादं भोक, अर्धवट राहिलेला एखादा खांब, यावरून ते वाद घालायचे. असं भोक अर्ध्या तासात दिसत नाही, मंडळी.

म्हणजे अजिंठा आपल्यापर्यंत पोचलं ते थांबून बघणाऱ्यांमुळे. हा आजच्या भागातला पहिला मुद्दा.

दुसरा मुद्दा जरा जुना आहे. या वास्तू बांधणाऱ्यांनी त्या कशा बघायच्या याची सोय करूनच ठेवली होती. तिचं नाव प्रदक्षिणा. देव उजव्या हाताला ठेवायचा आणि चालायचं, आपल्या पायांना जमेल तसं.

अजिंठ्याच्या सव्वीसाव्या लेण्यात शिरा. हे चैत्यगृह, समोर स्तूप. स्तूप उजवीकडे ठेवायचा म्हणजे तुम्ही आपोआप डाव्या बाजूच्या अरुंद वाटेत शिरता. तिथं आधी भेटतो महापरिनिर्वाणातला बुद्ध, जवळजवळ सात मीटर लांब, कुशीवर निजलेला, खाली रडणारे शिष्य. थोडं पुढं गेलं की माराचा हल्ला. आता सरळ मधूनच आत गेलात, फोटो काढला आणि परत फिरलात, तर ही दोन्ही शिल्पं खांबांच्या आड राहतात. नंतर मोबाइलवर कुणी पाठवलेला फोटो बघून आपण म्हणतो, अरे, हे कुठं होतं?

वेरूळचं कैलास घ्या. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातलं, म्हणजे आठव्या शतकातलं. दार पश्चिमेला. देव उजवीकडे ठेवून निघालात की आधी उत्तरेच्या भिंतीवर महाभारताचे थर लागतात, मागून वळसा घालून आलात की दक्षिणेला रामायण. गोष्टीच दगडात ओळीनं मांडल्यात. वाचायला येवो न येवो, चालता येणाऱ्या प्रत्येकाला त्या कळाव्यात म्हणून.

आणि पुढं पुढं जाऊन दर्शन घेण्याची घाई कुणाला असेल, तर औंढा नागनाथाची कथा ऐका. औंढा आता हिंगोली जिल्ह्यात, पण 1999 पर्यंत आपल्याच परभणीत होतं. परंपरा सांगते की नामदेव महाराज देवळासमोर कीर्तनाला उभे राहिले तेव्हा त्यांना मागच्या बाजूला जायला सांगितलं. ते मागं गेले, कीर्तन सुरू झालं, आणि देऊळच फिरून त्यांच्याकडे तोंड करून उभं राहिलं. इतिहास म्हणून ही कथा सिद्ध करता येणार नाही. पण मराठवाड्यातल्या माणसानं ती शतकानुशतकं सांगितली, याला अर्थ आहे. मागं ढकललेला, आपल्या लयीत तल्लीन झालेला माणूस आणि त्याच्यासाठी फिरणारं देऊळ, हे आपल्या लोकांना पटलं. आजही औंढ्याला गर्भगृहाच्या रांगेत आपण तासन्‌तास उभे राहतो आणि बाहेरच्या भिंतीवरची शिल्पं मात्र चप्पल शोधता शोधता बघतो. एकदा उलट करून बघा. श्रावणी सोमवार आणि महाशिवरात्र सोडून साध्या दिवशी जा, आणि आधी बाहेरून फेरी मारा. खालचे कोरीव थर जुने आणि वरचं बांधकाम नंतरचं, हा फरक नुसत्या डोळ्यांनी कळतो. देवळावर कोणते दिवस आले आणि कुणी ते परत उभं केलं, याचा इतिहास त्या सांध्यात आहे.

आता म्हणाल, औंढा लांब आहे, अजिंठा त्याहून लांब. कबूल. राणीसावरगावच्या माणसाला आई रेणुकादेवीच्या दर्शनाला जाताना तिकीट लागत नाही की घड्याळ. मग तीच सवय तालुक्यात वापरू. गंगाखेड तालुक्यातच गोदावरीकाठी धारासूर आहे. तिथलं गुप्तेश्वराचं देऊळ चालुक्य-यादव काळातल्या शिल्पकामासाठी अभ्यासकांमध्ये नावाजलेलं. बाहेरच्या भिंतीवरच्या सुरसुंदरी बघायला लांबून लोक येतात आणि आपल्यातले कितीतरी जण फक्त नावानं ओळखतात. जिंतूर तालुक्यात चारठाण्याला जा. गोकुळेश्वराचं देऊळ, कोरीव स्तंभ, बारव. तिथं गाइड नाही, शिट्टी वाजवणारा नाही, गाडीपाशी या म्हणणारा कुणी नाही. गो. बं. देगलूरकरांसारख्या अभ्यासकांनी मराठवाड्यातली अशी देवळं पायी, उन्हातान्हात, एकेक करून नोंदवली म्हणून त्यांची नावं तरी पुस्तकात आहेत.

संग्रहालयाचंही तसंच. मराठवाड्याच्या माणसाला मोठं संग्रहालय म्हटलं की हैदराबाद आठवतं. सालारजंग संग्रहालय 1951 मध्ये खुलं झालं. तिथल्या वाजणाऱ्या घड्याळापुढं दर तासाला गर्दी जमते, ठोके पडले की ती पांगते आणि पुढच्या दालनात कुणी नसतं. ती वेळ साधा. तिकडं धाराशिव जिल्ह्यात तेरला रामलिंगप्पा लामतुरे संग्रहालय आहे. तिथली हस्तिदंती स्त्रीमूर्ती सातवाहन काळातली, तळहातावर मावेल एवढी. इटलीत पाँपेई शहर इसवी सन 79 मध्ये ज्वालामुखीच्या राखेत गाडलं गेलं, तिथं 1938 मध्ये तशाच घडणीची भारतीय मूर्ती सापडली. दोन हजार वर्षांपूर्वी आपल्या बालाघाटाच्या कुशीतल्या गावाचा रोमशी असलेला धागा त्या एवढ्याशा काचेत आहे. घाईत असलेला माणूस तिला खेळणं समजून पुढं जातो.

तर मग करायचं काय? थोडं व्यवहाराचं सांगतो. अजिंठा सोमवारी बंद, वेरूळ मंगळवारी बंद, हे आधी डोक्यात ठेवा. दोन्ही एका दिवसात करू नका. अजिंठ्याला रंगीत लेण्यांत माणसं मोजून आणि वेळ बांधून सोडतात. त्यावर चिडू नका, आपला श्वास आणि घाम त्या गिलाव्याला सोसत नाही. पण बाहेरच्या उन्हातून आत गेल्यावर डोळे अंधाराला पुरते सरावायला वीसेक मिनिटं लागतात. म्हणून आधी बिनचित्रांच्या एखाद्या लेण्यात शांत बसा, मग पहिल्या किंवा सतराव्या लेण्यात शिरा. वेरूळची लेणी पश्चिमेकडे तोंड करून आहेत, उतरतं ऊन त्यांच्या दर्शनी भागावर येतं, तेव्हा तिसरा प्रहर तिथं घालवा. सगळी लेणी बघायची शपथ घेऊ नका, चार निवडा. सोबत गुडघे दुखणारी आजी असेल तर तिला ओढत नेऊ नका आणि गाडीतही बसवून ठेवू नका. अजिंठ्याला डोलीवाले आहेत. ती एकाच लेण्यात तासभर बसली तरी तिनं तुमच्यापेक्षा जास्त बघितलेलं असेल.

शेवटी एक गोष्ट, आणि ती मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. अजिंठ्याला निदान खातं आहे, पहारा आहे, 1983 पासून जागतिक वारशाचं नाव आहे. आपल्या गावोगावच्या देवळांना काय आहे? पाराखाली वीरगळ पडलेत, कुणी त्यावर कपडे धुतं. नव्याण्णव टक्के श्रद्धेनं आणि एक टक्का घाईनं आपण जीर्णोद्धार काढतो. कोरलेल्या दगडावर ऑइलपेंट येतो, खांबाला टाइल्स चिकटतात, जुना दरवाजा मागं टाकून दिला जातो. करणारा माणूस वाईट नसतो. त्यानं त्या दगडाकडे कधी थांबून बघितलेलंच नसतं, एवढंच. ज्यानं एखादी सुरसुंदरी दहा मिनिटं निरखली, तिच्या हातात आरसा आहे की फळ हे ओळखलं, तो माणूस रंगाचा डबा आणणाऱ्याला हटकल्याशिवाय राहत नाही. गिल, पेस्तनजी, सय्यद अहमद, यझदानी यांनी अजिंठ्यासाठी जे केलं, ते आपल्या गावच्या देवळासाठी करायला हैदराबादहून कुणी येणार नाही.

तेव्हा येत्या रविवारी लांब नका जाऊ. जवळच्या एखाद्या जुन्या देवळाला बाहेरून एक सावकाश प्रदक्षिणा घाला, घड्याळ आणि मोबाइल खिशात ठेवून. काय दिसलं ते घरातल्या पोरांना सांगा. पुढच्या भागात भेटू. रामराम.