निषिद्ध शब्द आणि माहितीपट

निषिद्ध शब्द आणि माहितीपट : ज्यांचा उघड उच्चार समाजाला खपत नाही असे शब्द, त्यांमागचे संकेत आणि ते पडद्यावर आणताना येणारी कायद्याची बंधने, असा हा विषय आहे. निषिद्ध म्हणजे केवळ शिव्या नव्हेत. मराठीत अशुभ, विटाळ, नाते आणि जात या चारही बाबतींत जीभ आवरावी लागते.

स्वरूप : बांगडी फुटली तरी ती ‘वाढवली’ म्हणतात, दुकानही ‘वाढवतात’. घरातून निघणारा ‘येतो’ म्हणतो, रात्री सापाला ‘जनावर’ म्हणतात आणि पाळी आली की ‘कावळा शिवतो’. धुळे जिल्ह्यातील साक्री तालुक्यात अहिराणी, भिल्ली व आदिवासी कोकणी या बोली शेजारी नांदतात. अहिराणी घरातली जुन्या वळणाची बाई नवऱ्याचे नाव न घेता त्याला ‘पोऱ्यासना बाप’ (पोरांचा बाप) म्हणते. लग्नात मात्र तेच नाव तिला उखाण्यातून चारचौघांत घ्यायला लावतात. माहितीपटाच्या निवेदकाला हा संकेत एका वाक्यात सांगता येतो. पण नवऱ्याचे नाव विचारताच तिचे थबकणे, हसणे, पदर तोंडाशी नेणे कॅमेराच टिपतो.

जातीच्या शब्दांना कायद्याचीही बाजू आहे. अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तीला चारचौघांत जातिवाचक शिवीगाळ करणे १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने गुन्हा ठरतो. वस्त्यांची जातिवाचक नावे बदलून समतानगर, भीमनगर अशी नावे देण्याचा निर्णय महाराष्ट्र राज्य मंत्रिमंडळाने डिसेंबर २०२० मध्ये घेतला.

प्रमाणन : सार्वजनिक प्रदर्शनासाठी माहितीपटालाही सिनेमॅटोग्राफ अधिनियम, १९५२ नुसार केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाचे प्रमाणपत्र लागते. १९९१ ची मार्गदर्शक तत्त्वे अश्लीलता व द्व्यर्थी शब्दांना मज्जाव करतात. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या चार शहरांवरील माहितीपटाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये पूर्वपरीक्षण वैध ठरवले. मात्र कलाकृतीतील मांडणी पाहण्याची गरजही अधोरेखित केली. आनंद पटवर्धन यांच्या ‘जंग और अमन’मधून (२००२) राजकीय नेत्यांची भाषणे वगळण्यास मंडळाने सांगितले होते, २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने काटछाटीविना प्रदर्शनाची वाट मोकळी केली. २०१७ मध्ये अमर्त्य सेन यांच्यावरील सुमन घोष यांच्या माहितीपटात ‘गाय’, ‘गुजरात’ अशा शब्दांवर ‘बीप’ टाकण्याची सूचना झाली. शिवी नसलेला शब्दही निषिद्ध ठरू शकतो, हे त्यातून दिसले. भाषाविषयक माहितीपटात असा ‘बीप’ मूळ पुरावाच पुसतो. चित्रपट प्रमाणन अपील न्यायाधिकरण २०२१ मध्ये रद्द झाल्यापासून निर्मात्याला मंडळाच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात दाद मागावी लागते.