होमस्टेड १८९२ : अमेरिकेचे पोलाद स्वस्त झाले, ते कोणाच्या जिवावर?

१/ ६ जुलै १८९२ ची पहाट. पिट्सबर्गजवळच्या मोनोंगहेला नदीतून एक आगबोट दोन बार्ज ओढत आणत होती. त्यांत पिंकर्टन या खासगी संस्थेचे सुमारे ३०० सशस्त्र पहारेकरी होते. होमस्टेडचा पोलाद कारखाना त्यांना ताब्यात घ्यायचा होता. काठावर कामगार आणि त्यांच्या घरची माणसे जमली होती. संध्याकाळपर्यंत दोन्ही बाजूंची मिळून किमान दहा माणसे प्राणांस मुकली. हा संघर्ष का झाला आणि त्याने काय ठरवले, याविषयीचा हा धागा.

२/ सुरुवात जरा मागून करू. अमेरिकेत लोखंड वसाहतकाळापासून बनत होते. मॅसॅच्युसेट्समधील सॉगस येथे सतराव्या शतकाच्या मध्यावरच भट्टी पेटली होती. १७५० साली ब्रिटिश संसदेने कायदा केला : वसाहतींनी कच्चे लोखंड इंग्लंडला खुशाल पाठवावे, पण पोलादाच्या नव्या भट्ट्या आणि पत्र्याचे नवे कारखाने उभारू नयेत. कच्चा माल वसाहतीचा आणि पक्का माल मायदेशाचा, हे सूत्र भारतीय वाचकाला नवे नाही. अमेरिकेत मात्र हा कायदा फारसा जुमानला गेला नाही.

३/ झोतभट्टीतून निघणाऱ्या कच्च्या लोखंडात कार्बन जास्त असतो. ते कडक असते, पण ठिसूळही असते. त्यातून चिवट घडीव लोखंड मिळवण्याच्या पद्धतीला ‘पडलिंग’ म्हणत. हे काम करणारा पडलर भट्टीच्या तोंडाशी उभा राहून लांब सळईने वितळलेले लोखंड ढवळी. कार्बन जळत जाई, धातू घट्ट होत जाई, आणि त्याचा गोळा बांधून बाहेर काढण्याचा नेमका क्षण तो केवळ ज्वाळेच्या रंगावरून आणि हाताला जाणवणाऱ्या जडपणावरून ओळखी.

४/ हे ज्ञान कोणत्याही पुस्तकात नव्हते, मालकाकडेही नव्हते. ते पडलरच्या हातात होते. म्हणूनच त्याच्या शब्दाला वजन होते. पिट्सबर्गच्या पडलरांनी ‘सन्स ऑफ व्हल्कन’ ही संघटना स्थापली. १८६५ साली तिने मालकांशी करार केला की लोखंडाचा बाजारभाव चढेल-उतरेल तशी मजुरीही चढेल-उतरेल. १८७६ मध्ये ही संघटना इतर कुशल कामगारांच्या संघटनांशी मिळून ‘अमॅल्गमेटेड असोसिएशन’ झाली.

५/ दरम्यान भट्टी बदलत होती. इंग्लंडमध्ये हेन्री बेसेमर यांनी १८५६ साली आपली पद्धत जाहीर केली. अमेरिकेत केंटकीचे विल्यम केली यांनी याच कल्पनेवर स्वतंत्रपणे प्रयोग केले होते. वितळलेल्या लोखंडातून हवेचा जोरदार झोत सोडला की कार्बन आपोआप जळतो, आणि त्या जळण्यातूनच उष्णता निर्माण होते. वेगळे इंधन लागत नाही. पडलरच्या भट्टीत दोनेक तासांत काहीशे पौंड धातू निघे. बेसेमरच्या भांड्यात वीसेक मिनिटांत कित्येक टन पोलाद तयार होऊ लागले.

६/ मिशिगनमधील वायनडॉट येथे १८६४ साली अमेरिकेतील पहिले बेसेमर पोलाद निघाले. पुढच्याच वर्षी शिकागोत पोलादी रूळ लाटले गेले. लोखंडी रूळ लवकर झिजत, पोलादी रूळ त्यांच्या कित्येक पट टिकत. खंड ओलांडणाऱ्या रेल्वेला हेच हवे होते.

७/ ही संधी अचूक हेरणारा माणूस म्हणजे अँड्र्यू कार्नेगी. स्कॉटलंडमधील डनफर्मलिन गावच्या हातमाग विणकराचा हा मुलगा. यंत्रमागाने वडिलांचा धंदा बुडवला आणि १८४८ साली कुटुंब पिट्सबर्गशेजारी येऊन राहिले. वयाच्या तेराव्या वर्षी अँड्र्यू कापडगिरणीत आठवड्याला १ डॉलर २० सेंटवर कामाला लागला. पुढे तारघर, मग पेनसिल्व्हेनिया रेल्वे, मग गुंतवणूक, आणि अखेरीस पोलाद.

८/ १८७५ साली ब्रॅडॉक येथे कार्नेगींचा एडगर थॉमसन कारखाना सुरू झाला. आराखडा अलेक्झांडर हॉली या अभियंत्याचा होता. कच्चा माल एका बाजूने आत यावा, रूळ दुसऱ्या बाजूने बाहेर पडावेत, मध्ये कोठेही खोळंबा नसावा. प्रत्येक टनामागचा खर्च बारकाईने नोंदवला जाई. अधिक चांगले यंत्र मिळाले की जुने चालते यंत्रही मोडीत निघे.

९/ सरकारची साथही मोठी होती. १८७० पासून आयात पोलादी रुळांवर टनामागे २८ डॉलर शुल्क होते, त्यामुळे ब्रिटिश रुळांची स्पर्धा बरीच रोखली गेली. १८६७ च्या सुमारास टनाला १६० डॉलरहून महाग असलेला रूळ १८९८ पर्यंत १८ डॉलरच्या आसपास आला. त्याआधीच, १८८० च्या दशकात, अमेरिकेने पोलाद उत्पादनात ब्रिटनला मागे टाकले होते.

१०/ या स्वस्ताईचे श्रेय यंत्रांना आहेच. पण हिशेबाच्या वहीत आणखी एक रकाना होता : कामाचे तास. झोतभट्टी विझवता येत नाही, ती चोवीस तास चालते. म्हणून बारा-बारा तासांच्या दोन पाळ्या, त्याही बहुधा आठवड्याचे सातही दिवस. दर पंधरवड्याला दिवसपाळी आणि रात्रपाळी बदलताना एका गटाला सलग २४ तास काम करावे लागे.

११/ भट्टीची गरजच तशी आहे, असे मालक सांगत. पण चोवीसाला दोनने भाग जातो तसा तीननेही जातो. ब्रॅडॉकचे व्यवस्थापक कॅप्टन बिल जोन्स यांनी आठ तासांच्या तीन पाळ्या चालवून दाखवल्या होत्या. दमलेल्या माणसापेक्षा ताजा माणूस अधिक काम करतो, असे त्यांचे मत होते. प्रतिस्पर्धी कारखाने बाराच तास राबवतात, हे कारण देऊन १८८८ साली कंपनीने ही पद्धत मोडली. कामगारांनी विरोध केला, तेव्हाही पिंकर्टनचे पहारेकरी आणले गेले. पुढच्याच वर्षी जोन्स भट्टीच्या अपघातात मरण पावले.

१२/ होमस्टेडचा कारखाना कार्नेगींनी १८८३ साली प्रतिस्पर्ध्यांकडून विकत घेतला होता. तेथे संघटना भक्कम होती. १८८९ च्या संपात तिने कंपनीला माघार घ्यायला लावून तीन वर्षांचा करार मिळवला. कोणत्या कामावर किती माणसे असावीत, कोणी काय करावे, यातही तिच्या समित्यांचा शब्द चाले. कंपनीला खरा सल हाच होता. करार ३० जून १८९२ रोजी संपणार होता.

१३/ कार्नेगींनी १८८६ साली लेख लिहून कामगारांच्या संघटनेच्या हक्काचे समर्थन केले होते आणि संपकऱ्याच्या जागी दुसरा माणूस आणण्याला नापसंती दर्शवली होती. १८९२ च्या वसंतात ते स्कॉटलंडला गेले आणि सूत्रे हेन्री क्ले फ्रिक यांच्याकडे सोपवली. कोळशाच्या खाणी आणि कोकच्या भट्ट्यांचे सम्राट असलेले फ्रिक संप मोडण्यासाठी प्रसिद्ध होते. त्या काळातील पत्रव्यवहारावरून दिसते की कार्नेगींचा त्यांना पाठिंबा होता.

१४/ कंपनीच्या अटी अशा : मजुरी ज्या पोलादभावाशी बांधलेली होती, त्याची किमान मर्यादा टनामागे २५ डॉलरवरून २२ वर आणायची (नंतर २३ पर्यंत तयारी दाखवली गेली), आणि करार जूनऐवजी डिसेंबरअखेर संपवायचा. दुसरी अट वरवर किरकोळ वाटते. पण ऐन हिवाळ्यात, घरात कोळसा आणि अन्न लागत असताना, संप करणे किती कठीण असते हे दोन्ही बाजू जाणून होत्या.

१५/ फ्रिक यांनी कारखान्याभोवती उंच कुंपण घातले, त्यावर काटेरी तार ओढली. लोक त्याला ‘फोर्ट फ्रिक’ म्हणू लागले. मग टाळेबंदी जाहीर झाली. सुमारे ३,८०० कामगारांपैकी संघटनेचे सभासद जेमतेम ८०० होते. संघटना कुशल कामगारांची होती. पूर्व युरोपातून आलेल्या स्लोव्हाक आदी अकुशल मजुरांना तिने कधी जवळ केले नव्हते. तरीही तेच मजूर बहुसंख्येने तिच्या पाठीशी उभे राहिले.

१६/ ६ जुलैला बार्ज काठाला लागल्या आणि गोळीबार सुरू झाला. पहिली गोळी कोणाची, हा वाद कधीच मिटला नाही. दिवसभर चकमक चालली. दुपार उलटल्यावर पिंकर्टन शरण आले. त्यांना सुखरूप जाऊ देण्याचे आश्वासन नेत्यांनी दिले होते, पण चिडलेल्या जमावाने दुतर्फा उभे राहून त्यांना बेदम मारले. जनमताची काही सहानुभूती तेथेच ओसरली.

१७/ १२ जुलैला राज्यपालांनी आठ हजारांहून अधिक मिलिशिया धाडली. तिच्या संरक्षणाखाली नवे मजूर कारखान्यात शिरले. २३ जुलैला अलेक्झांडर बर्कमन या अराज्यवादी तरुणाने फ्रिक यांच्यावर गोळ्या झाडल्या. त्याचा कामगार संघटनेशी संबंध नव्हता. फ्रिक वाचले, पण संपाची नैतिक बाजू मात्र घायाळ झाली.

१८/ नेत्यांवर खुनाचे, इतकेच नव्हे तर राजद्रोहाचेही खटले भरले गेले. ज्यूरींनी त्यांना दोषी ठरवले नाही, पण खटल्यांत संघटनेचा पैसा आणि बळ संपले. २० नोव्हेंबर १८९२ रोजी संप मागे घेण्यात आला. अनेकांची नावे काळ्या यादीत गेली. त्यानंतर चार दशकांहून अधिक काळ होमस्टेडमध्ये संघटनेला मान्यता मिळाली नाही.

१९/ १८९८ साली कार्नेगींनी होमस्टेडला भव्य ग्रंथालय दिले. त्यात संगीतसभागृह होते, पोहण्याचा तलावही होता. बारा तास भट्टीसमोर उभ्या राहिलेल्या माणसाने वाचायचे कधी, असा प्रश्न कामगार विचारत. १९०१ मध्ये कार्नेगींनी आपली कंपनी ४८ कोटी डॉलरला विकली आणि जे. पी. मॉर्गन यांच्या पुढाकाराने यू. एस. स्टील उभी राहिली. तिचे भांडवल होते १४० कोटी डॉलर.

२०/ त्याच पिट्सबर्गचा दुसरा हिशेब क्रिस्टल ईस्टमन यांनी मांडला. जुलै १९०६ ते जून १९०७ या एका वर्षात अ‍ॅलेघेनी परगण्यात ५२६ माणसे कामावरील अपघातांत दगावली. त्यांतील १९५ पोलाद कामगार होते. कमावता गेल्यावर बहुसंख्य कुटुंबांच्या हाती नाममात्र भरपाई पडली, काहींना तीही मिळाली नाही. कामगार नुकसानभरपाईच्या कायद्यांना या अभ्यासाने मोठे बळ दिले.

२१/ या कथेचा एक धागा मुंबईपर्यंत येतो. १९०२ साली जमशेटजी टाटा अमेरिकेत गेले आणि पिट्सबर्गला ज्युलियन केनेडी यांना भेटले. केनेडी कार्नेगींच्या कारखान्यांत काम केलेले अभियंते होते. त्यांनी चार्ल्स पेज पेरिन यांचे नाव सुचवले. १९०७ मध्ये मुंबईत स्वदेशीच्या वातावरणात टाटा कंपनीचे भांडवल उभे राहिले. फेब्रुवारी १९१२ मध्ये साकची येथे, म्हणजे आजच्या जमशेदपूरला, पहिले पोलाद निघाले.

२२/ तंत्र अमेरिकेचे होते, पण त्याच वर्षी साकचीत आठ तासांचा दिवस लागू झाला. यू. एस. स्टीलमध्ये तेव्हा बारा तासांची पाळी चालूच होती. याचा अर्थ जमशेदपुरात सारे आलबेल होते असा नाही. तेथेही १९२०, १९२२ आणि १९२८ साली मोठे संप झाले. एवढे मात्र सिद्ध झाले की तशाच भट्ट्या आठ तासांच्या पाळीनेही चालतात.

२३/ अमेरिकेत १९१९ साली सुमारे साडेतीन लाख पोलाद कामगार संपावर गेले. आठ तास ही त्यांची एक मुख्य मागणी होती. संप मोडला. अखेर राष्ट्राध्यक्ष हार्डिंग यांच्या दबावानंतर १९२३ मध्ये कंपन्यांनी आठ तास मान्य केले. संघटनेला यू. एस. स्टीलची मान्यता मिळायला २ मार्च १९३७ उजाडावा लागला. लहान कंपन्यांनी तेव्हाही नकार दिला. त्याच वर्षी ३० मे रोजी शिकागोत रिपब्लिक स्टीलसमोर पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले.

२४/ दुसऱ्या महायुद्धानंतर चांगली मजुरी आणि निवृत्तिवेतन आले. १९५९ च्या ११६ दिवसांच्या संपात परदेशी पोलादाने बाजारात पाय रोवला. ऑस्ट्रियात १९५२ साली सुरू झालेली ऑक्सिजन पद्धत जपानने झपाट्याने उचलली, अमेरिकन कंपन्या मात्र जुन्या भट्ट्यांनाच चिकटून राहिल्या. चालते यंत्रही मोडीत काढणाऱ्या कार्नेगींचा धडा त्यांचेच वारस विसरले. १९८६ मध्ये होमस्टेडचा कारखाना बंद झाला. त्या जागी आज बाजारसंकुल आहे, आणि शेजारी जुन्या धुराड्यांची रांग उभी आहे.

२५/ स्वस्त पोलादाने रेल्वे, पूल आणि गगनचुंबी इमारती शक्य केल्या, हे नाकारता येत नाही. पण बारा तासांची पाळी भट्टीने मागितली नव्हती. ब्रॅडॉकने १८८८ पूर्वी ते दाखवले, साकचीने १९१२ मध्ये पुन्हा दाखवले. यंत्रामुळे वाचलेला वेळ मालकाच्या नफ्यात जाणार की कामगाराच्या विश्रांतीत, हे यंत्र कधीच ठरवत नाही. होमस्टेडमध्ये ते कुंपण, बार्ज आणि मिलिशियाने ठरवले, आणि तो निर्णय फिरवायला तीस वर्षांहून अधिक काळ लागला.