जन्मतारीख असलेली लिपी: कोरियाच्या हंगुलची गोष्ट

ऐकायला वेळ नसेल, बसमध्ये हेडफोन विसरला असाल, तर हा एपिसोड वाचून काढा. आजचा विषय कोरिया. के-ड्रामा बघणाऱ्यांनी स्क्रीनवर ती गोल-चौकोनी अक्षरं शेकडो वेळा पाहिली असतील. त्या लिपीचं नाव हंगुल.

जगातल्या बहुतेक लिप्या हळूहळू घडत गेल्या. देवनागरी कोणी बनवली असं विचारलं तर एक नाव सांगता येत नाही. हंगुलचं मात्र सांगता येतं. बनवणारा माहीत आहे, वर्ष माहीत आहे, आणि ती का बनवली याचं कारणही लिहून ठेवलेलं आहे. मी दिवसभर कोड लिहितो, त्यामुळे माझ्यासाठी ही चक्क डॉक्युमेंटेशनसकट आलेली लिपी आहे. पण त्याहून मोठा प्रश्न पुढचा आहे. इतकी सोपी लिपी तयार असताना तिला मान मिळायला साडेचारशे वर्षं का लागली?

चला, पंधराव्या शतकात जाऊ. कोरियात जोसॉन घराण्याचं राज्य आहे. गादीवर चौथा राजा सेजोंग, कारकीर्द १४१८ ते १४५०. लोक बोलतात कोरियन, पण लिहिणं सगळं चिनी अक्षरांत. या दोन भाषांची ठेवणच वेगळी. शिवाय हजारो चिनी अक्षरं पाठ करायची तर वर्षानुवर्षं दुसरं काम नको. म्हणजे शिकणार कोण? यांगबान, म्हणजे जमीनदार आणि अधिकारी वर्गातली मुलं. शेतकऱ्यावर खटला झाला तर कागदावर त्याच्याविरुद्ध काय लिहिलंय हे त्यालाच कळायचं नाही.

१४२८ मध्ये जिंजू भागात एका मुलाने बापाचा खून केला. सेजोंग हादरला. लोकांना नीती शिकवायला म्हणून त्याने एक पुस्तक करून घेतलं, ते १४३४ मध्ये आलं. वाचता न येणाऱ्यांनाही समजावं म्हणून त्यात चित्रं टाकली. पण मजकूर पुन्हा चिनीतच! चित्र बघून गोष्ट किती कळणार?

१४४३ च्या शेवटच्या चांद्रमहिन्यात राजदरबाराच्या इतिवृत्तात एक छोटी नोंद येते: राजाने स्वतः २८ अक्षरं तयार केली. १४४६ मध्ये ती जाहीर झाली. सोबतच्या पुस्तकात दरबारी विद्वानांनी प्रत्येक अक्षरामागचा विचार समजावून सांगितला. हुशार माणसाला ही लिपी शिकायला एक सकाळ पुरेल आणि मंद माणसाला फार तर दहा दिवस, असाही दावा त्यात आहे.

आता डिझाइन बघा. 'ग' म्हणा. जिभेचा मागचा भाग वर उचलला जाऊन वाट अडवतो ना? हंगुलमधलं 'ग' चं अक्षर म्हणजे त्या जिभेचं रेखाचित्र: वर आडवी रेघ आणि तिच्या उजव्या टोकाला खाली येणारी उभी रेघ. 'न' म्हणताना जिभेचं टोक वर लागतं, त्याचं अक्षर त्या आकाराचं. 'म' चं अक्षर चौकोन, म्हणजे तोंड. 'ग' मध्ये एक रेघ वाढवली की झाला 'ख', कारण आवाजात श्वासाचा जोर वाढला. आपल्याकडे क, ख, ग, घ हा क्रमही तोंडातल्या जागेवरूनच लागलाय, पण आपल्या 'क' आणि 'ख' च्या आकारात ते नातं दिसत नाही. हंगुलमध्ये ते डोळ्यांना दिसतं. स्वरांसाठी फक्त तीन खुणा: ठिपका म्हणजे आकाश, आडवी रेघ म्हणजे जमीन, उभी रेघ म्हणजे माणूस. बाकीचे स्वर या तिघांच्या जोडणीतून.

एवढं भारी प्रॉडक्ट आणि विरोध लगेच सुरू. १४४४ च्या सुरुवातीलाच राजाच्या स्वतःच्या विद्वान सभेतल्या चोए माल्ली आणि त्याच्या सहकाऱ्यांनी निषेधाचा अर्ज दिला. म्हणणं काय? मोठी संस्कृती चीनची. वेगळी लिपी मंगोल, जपानी, तिबेटी असल्या लोकांना असते; आपणही तशी काढली तर आपण रानटी ठरू. शिवाय इतक्या सहज लिहितावाचता आलं तर कष्ट घेऊन अभ्यास कोण करणार? सेजोंग चिडला. ध्वनिशास्त्रातलं तुम्हाला कळतं तरी काय, असं त्याने सुनावलं, त्यांना कोठडीत टाकलं आणि दुसऱ्या दिवशी सोडून दिलं.

पण चोए माल्लीला मूर्ख समजू नका. त्याला धोका बरोबर कळला होता. अवघड लिपी ही भिंत होती आणि तो भिंतीच्या आतला माणूस होता.

१५०४ मध्ये ती भीती खरी ठरली. येओनसान नावाच्या जुलमी राजाविरुद्ध निनावी पत्रकं निघाली, ती हंगुलमध्ये. राजाने ही लिपी शिकवणं-शिकणं बंद केलं, पुस्तकं जाळायला लावली. दोन वर्षांनी राजा पदच्युत झाला, लिपी राहिली. पण पुढेही सरकारी कागद, परीक्षा, प्रतिष्ठा सगळं चिनी अक्षरांकडेच. हंगुलला नाव पडलं 'ओनमुन', म्हणजे गावठी लिपी. बायकांची लिपी म्हणूनही तिला हिणवायचे.

मग जगवली कोणी? त्याच बायकांनी. राजवाड्यापासून घरापर्यंत पत्रं, पाककृती, कादंबऱ्यांच्या हस्तलिखित प्रती यांतून. यातलं एक नाव लक्षात ठेवा: हेग्योंग. तिचा नवरा राजपुत्र सादो. १७६२ मध्ये त्याच्या बापाने, राजा योंगजोने, त्याला तांदूळ ठेवायच्या लाकडी पेटीत कोंडलं. आठ दिवसांनी तो मेला. हेग्योंगने म्हातारपणी, १७९५ ते १८०५ या काळात, या सगळ्याची हकीकत हंगुलमध्ये लिहिली. ज्या लिपीला दरबार गावठी म्हणत होता, त्याच लिपीत दरबाराचं सगळ्यात भयंकर गुपित आपल्यापर्यंत पोचलं.

१८९४ मध्ये सरकारी कागदपत्रांत हंगुलला जागा मिळाली. १८९६ मध्ये सो जे-पिल यांनी 'तोंगनिप शिनमुन', म्हणजे 'स्वातंत्र्य वृत्तपत्र', सुरू केलं. मजकूर हंगुलमध्ये आणि शब्दांमध्ये मोकळी जागा सोडून, म्हणजे कोणालाही वाचता यावं.

आणि लगेच १९१० मध्ये जपानने देशच गिळला. १९३८ पासून शाळांमध्ये कोरियन सक्तीचा विषय राहिला नाही, १९४० पासून लोकांवर जपानी नावं घेण्याचा दबाव आला. या काळात भाषा अभ्यासकांचा एक गट १९२९ पासून कोरियन शब्दकोश तयार करत होता. १९४२ मध्ये पोलिसांनी धरपकड सुरू केली आणि शब्दकोशाचं हस्तलिखित पुरावा म्हणून उचललं. यी युन-जे आणि हान जिंग हे दोघे तुरुंगातच गेले. शब्दांचे अर्थ लिहिणं हा गुन्हा!

१९४५ च्या ऑगस्टमध्ये जपान हरला. तुरुंगातून सुटलेल्यांच्या हातात कागद नव्हते. सप्टेंबरमध्ये सोल रेल्वे स्टेशनच्या गोदामात तो गठ्ठा सापडला. १९४७ मध्ये पहिला खंड छापला गेला, १९५७ मध्ये सहावा.

आता थोडं माझ्या धंद्याचं. हंगुलची अक्षरं एकेका उच्चाराच्या चौकोनात बसतात: सुरुवातीची १९ व्यंजनं, २१ स्वर आणि शेवटी २७ व्यंजनं किंवा काहीच नाही, म्हणजे २८ पर्याय. गुणाकार करा: ११,१७२. युनिकोडमध्ये नेमके तेवढेच चौकोन ओळीने मांडलेत आणि कुठला कितव्या नंबरवर हे साध्या गणिताने काढता येतं.

आणखी एक गंमत. सेजोंगचा तो 'आकाश' ठिपका पुढे कोरियन लिखाणातून गेला. आज मूळ अक्षरं २४ आहेत. पण बटणांचे मोबाइल आले तेव्हा बारा बटणांत सगळे स्वर कसे बसवायचे? उत्तर पाचशे वर्षं जुन्या पुस्तकात होतं: ठिपका, आडवी रेघ, उभी रेघ. तीन बटणं. तो कीपॅड 'चॉन-जी-इन', म्हणजे आकाश-जमीन-माणूस, या नावानेच ओळखला जातो आणि स्मार्टफोनवरही मिळतो.

मला यातून एवढंच दिसतं: राजाने उत्तम लिपी दिली, पण ती टिकली वापरणाऱ्यांमुळे. सासरहून माहेरी पत्र लिहिणाऱ्या बायका, पत्रकं लावणारे निनावी लोक, तुरुंगात गेलेले कोशकार. यातल्या कोणीही लिपीला मान मिळायची वाट बघत बसलं नाही. आपल्यापैकी बरेच जण मराठी मेसेज रोमन अक्षरांत टाइप करतो, 'सवय आहे' म्हणून. फोनमध्ये देवनागरी कीबोर्ड फुकट आहे आणि त्यासाठी कोणी पकडून नेत नाही.

कमेंट देवनागरीत आली तर मजा येईल. भेटू पुढच्या एपिसोडमध्ये!