ताबा म्हणजे हक्क नव्हे : दादरा-नगर हवेलीचा खटला

न्हावा शेवा बंदरासमोरच्या घारापुरी बेटावर प्रसिद्ध शैव लेण्यांखेरीज बौद्ध स्तूपाचे अवशेषही आहेत. या बेटाला ‘एलिफंटा’ हे नाव पोर्तुगीजांनी दिले. याच रायगड किनाऱ्यावर कोर्लईत आजही पोर्तुगीजमिश्रित बोली बोलली जाते. परक्या ताब्याचा प्रश्न आपल्याला दूरचा नाही.

कायदा काय म्हणतो?

1907 च्या हेग नियमांनुसार शत्रुसैन्याच्या प्रत्यक्ष अंमलाखाली गेलेला प्रदेश व्याप्त ठरतो. व्यापणारी सत्ता तिथला कारभार तात्पुरता पाहते, मालक होत नाही. 1949 च्या चौथ्या जिनिव्हा करारानुसार तिला आपले नागरिक तिथे वसवता येत नाहीत. बळाने भूभाग मिळवण्यास संयुक्त राष्ट्रांच्या सनदेने मनाई केली आहे.

मराठी मुलखाशी जोडलेला खटला

1779 च्या पुणे तहानंतर पेशव्यांनी पोर्तुगीजांना दादरा-नगर हवेलीतील गावांचा महसूल दिला. जुलै-ऑगस्ट 1954 मध्ये स्वयंसेवकांनी हा भाग मुक्त केला. 2 ऑगस्टला सिल्वासा हाती आले. पोर्तुगीज फौजेला भारताने आपल्या हद्दीतून जाऊ दिले नाही, म्हणून पोर्तुगालने डिसेंबर 1955 मध्ये हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात दावा लावला.

12 एप्रिल 1960 चा निकाल बारकाईने वाचावा असा आहे. मराठ्यांनी महसूल दिला होता, सार्वभौमत्व नव्हे, असे न्यायालयाने म्हटले. मात्र पुढे ब्रिटिशांनी पोर्तुगीज सार्वभौमत्व मान्य केले होते, हेही नोंदवले. खाजगी व्यक्ती, मुलकी अधिकारी व सर्वसाधारण माल यांना वाट मिळण्याचा हक्क होता. सैन्य, सशस्त्र पोलीस व शस्त्रास्त्रे यांना नव्हता. भारताने कर्तव्यभंग केला नाही, असा निर्णय 9 विरुद्ध 6 मतांनी झाला.

त्याच डिसेंबरात संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने गोव्यासह पोर्तुगीज वसाहतींना स्वयंशासन नसलेले प्रदेश ठरवले. डिसेंबर 1961 मध्ये भारताने लष्करी कारवाईने गोवा मुक्त केला, तेव्हा बळाच्या वापरावरून सुरक्षा परिषदेत वाद झाला आणि भारताविरुद्धचा ठराव सोव्हिएत नकाराधिकाराने अडला. पोर्तुगालने भारताचे सार्वभौमत्व 1974 मध्ये मान्य केले.

बाबासाहेबांचा प्रश्न

सिल्वासा मुक्त झाल्यानंतर अवघ्या 24 दिवसांनी, 26 ऑगस्ट 1954 रोजी, बाबासाहेबांनी राज्यसभेत परराष्ट्र धोरणावर भाषण केले. चीनला ल्हासाचा ताबा घेऊ देण्यावर त्यांनी टीका केली. पंचशील हा बौद्ध धम्माचा भाग आहे. माओंचा त्यावर विश्वास असता तर त्यांनी आपल्या देशातील बौद्धांना वेगळे वागवले असते, असा त्यांचा रोख होता.

19 जुलै 2024 रोजी त्याच न्यायालयाने पॅलेस्टिनी प्रदेशातील इस्रायलची उपस्थिती बेकायदेशीर असल्याचे सल्लामत दिले. सल्लामत बंधनकारक नसते, पण इतर राष्ट्रांनी ही स्थिती मान्य करू नये, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे.

न दिलेले घेऊ नये, हे आपले दुसरे शील. गोव्यासाठी जो न्याय आपण मागितला, तोच तिबेट आणि पॅलेस्टाईनसाठीही मागावा लागेल. ताबा कोणाचा आहे हे पाहून शील बदलत नाही.