तळटीप : ‘सिद्धूचा धिंगाणा’

* ‘सिद्धूचा धिंगाणा लागला की खकनारच्या घरात कुणी जागचं हलत नसे,’ या वाक्यातला सिद्धू म्हणजे अभिनेता सिद्धार्थ जाधव (जन्म १९८१). ‘आता होऊ दे धिंगाणा’ हा त्याचा गाण्यांच्या खेळांचा कार्यक्रम स्टार प्रवाह वाहिनीवर २०२२मध्ये सुरू झाला. खकनार (जि. बुऱ्हाणपूर) मध्य प्रदेशात असलं, तरी महाराष्ट्राच्या सीमेजवळ आहे; त्यामुळे तिथल्या मराठी घरांत मराठी वाहिन्या लागतात, यात नवल नाही.

सिद्धार्थ मुंबईचा, शिवडीचा. ‘लोच्या झाला रे’, ‘जागो मोहन प्यारे’ ही नाटकं, मग ‘जत्रा’ (२००६), ‘दे धक्का’ (२००८) हे चित्रपट, अशी त्याची विनोदी नट म्हणून ओळख पक्की झाली. ‘लालबाग परळ’मधल्या (२०१०) भूमिकेने मात्र त्याची दुसरी ताकद दाखवली.

‘धिंगाणा’त दोन मालिकांचे कलाकार दोन गट करून खेळतात. रोज पडद्यावर डोळ्यांत पाणी आणणारी सासू इथे गाणं ओळखायला धडपडते, हरते, सगळ्यांबरोबर नाचते. सिद्धार्थ तिच्याआधी स्वतः लोळण घेतो, म्हणून तिचा संकोच सुटतो. रंगभूमीवर कमावलेलं टायमिंग तो इथे दुसऱ्याला हशा मिळवून देण्यासाठी वापरतो; सूत्रसंचालक म्हणून त्याचं खरं मोठेपण यातच आहे. आदेश बांदेकरांच्या ‘होम मिनिस्टर’शी (सुरुवात २००४, झी मराठी) या कार्यक्रमाची गल्लत करू नये. तिथे बांदेकर ‘भावोजी’ म्हणून घरोघरी जात आणि खेळ पैठणीसाठी रंगे.