डूलॅली: देवळालीचा ताप आणि बरे झालेल्यांची नोंद

इंग्रजी बोलीत एखाद्याचे डोके ठिकाणावर राहिले नाही की तो 'डूलॅली' झाला, असे म्हणतात. हा शब्द रोज वापरणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक असते की ते नाशिकजवळच्या एका गावाचे नाव आहे. देवळाली. मूळ शब्दप्रयोग तर याहूनही आपल्या ओळखीचा होता: 'डूलॅली टॅप'. यातला 'टॅप' म्हणजे नळ नव्हे. गोऱ्या सैनिकांनी हिंदुस्तानीतून उचललेला 'तप', म्हणजे आपला ताप. देवळालीचा ताप.

शब्दाची ही व्युत्पत्ती अनेकदा सांगितली जाते आणि गोष्ट तिथेच संपते. खरा प्रश्न त्यानंतरचा आहे. ज्यांना हा ताप चढला, त्यांतले किती जण उतरवू शकले? आणि उतरला असेल, तर त्याची नोंद कोणी ठेवली?

देवळालीची छावणी १८६१ सालची. बोटीतून मुंबईला उतरलेल्या गोऱ्या पलटणींना पुढे पाठवण्यापूर्वी आणि मुदत संपलेल्या सैनिकांना मायदेशी धाडण्यापूर्वी थांबवून ठेवण्याचे हे ठिकाण. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेमुळे मुंबई जवळ आली होती, आणि घाटमाथ्यावरची हवा कोरडी होती. १८६० च्या दशकात 'क्रोकोडाइल', 'युफ्रेटिस', 'जमना', 'मलबार' आणि 'सेरापिस' अशी पाच जहाजे खास हिंदुस्थानच्या फेऱ्यांसाठी बांधली गेली. पण ती वर्षभर धावत नसत. सैन्य वाहून नेण्याचा हंगाम साधारण ऑक्टोबर ते मार्च. ज्याची नोकरी एप्रिलमध्ये संपली त्याने काय करायचे? थांबायचे.

हे थांबणे कसे होते, ते फ्रँक रिचर्ड्स याने लिहून ठेवले आहे. कोळशाच्या खाणीतून 'रॉयल वेल्श फ्युझिलिअर्स'मध्ये आलेला हा साधा शिपाई विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात भारतात आणि ब्रह्मदेशात होता. १९३६ साली प्रसिद्ध झालेल्या 'ओल्ड सोल्जर साहिब' या आठवणींत तो सांगतो की देवळालीत मुदत संपलेल्या माणसांकडे ना शस्त्र असे, ना काम. अधूनमधून सामानाची तपासणी, एखादी लांब कवायत, बाकी सगळा दिवस मोकळा. वर्षानुवर्षे ज्यांच्या कागदावर एक डाग नव्हता, अशी माणसे इथे येऊन गुन्हे करीत आणि घराऐवजी तुरुंगात जात. काही गुप्तरोग घेऊन इस्पितळात पडत. 'डूलॅली टॅप' हा वाक्प्रचार या कंटाळ्यातूनच आला असावा, असे त्याचे मत.

शिपायाचे हे निदान नंतरच्या कोशकारांपेक्षा अधिक नेमके वाटते. पुष्कळ ठिकाणी या वेडाचे खापर उन्हावर फोडलेले आढळते. देवळाली समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरांच्या आसपास आहे. मुंबईची पारशी, गुजराती, बोहरी कुटुंबे पिढ्यान् पिढ्या हवापालटासाठी इथे येत आली आणि त्यांच्यासाठी इथे सॅनिटोरियमे उभी राहिली. ज्या हवेने मुंबईकरांची छाती सुधारत होती, तीच हवा गोऱ्यांची डोकी फिरवत होती, हे मानणे कठीण आहे. डोके फिरवीत होते ते रिकामपण. आणि त्या रिकामपणाच्या शेजारीच कॅन्टीन होते.

गोऱ्या फौजेचे दारूशी असलेले नाते जुने. सैनिकाला दारू मिळण्याची सोय सरकारच करी आणि दारूपायी घडलेल्या गुन्ह्याबद्दल शिक्षाही सरकारच देई. या चक्राविरुद्ध पहिली संघटित हालचाल भारतातच झाली. १८६२ साली आग्र्यात जे. गेल्सन ग्रेगसन या बाप्टिस्ट मिशनऱ्याने सैनिकांसाठी दारूत्यागाची संस्था काढली. पुढे सरसेनापती लॉर्ड रॉबर्ट्स याने १८८८ मध्ये अशा विखुरलेल्या संस्था एकत्र आणून 'आर्मी टेम्परन्स असोसिएशन' स्थापन केली. रॉबर्ट्सला यात धर्मापेक्षा हिशेब अधिक दिसत असावा. तुरुंगातला शिपाई लढाईला उपयोगाचा नसतो.

या संस्थेचे काम कसे चाले, हे पाहण्यासारखे आहे. छावणीत एक खोली असे. तिथे चहा, खाणे, वर्तमानपत्रे, खेळ आणि बसायला माणसे. दारू सोडण्याची शपथ घेणाऱ्याला ठरावीक मुदत पार पडली की पदक मिळे: सहा महिन्यांचे, वर्षाचे, मग पुढच्या वर्षांचे. बराकीत त्यांची थट्टा होई. बिअरऐवजी पाव खातो म्हणून न पिणाऱ्याला 'बन-वाला' म्हणत. (इराण्याच्या हॉटेलात वाढलेल्या मराठी माणसाला ही शिवी कळायला जरा वेळ लागेल.) कित्येकांनी शपथ मोडली, पुन्हा घेतली, पुन्हा मोडली.

ही पदके आज संग्राहकांच्या बाजारात विकली जातात. बहुतेकांवर नाव कोरलेले नसते. एका माणसाने एक वर्ष स्वतःशी झुंज दिली, एवढेच ते सांगते. कोणत्या माणसाने, ते सांगत नाही.

इथे दप्तराचा स्वभाव लक्षात येतो. मोडलेल्या माणसाची नोंद होते. कोर्टमार्शलची फाइल असते, इस्पितळाची वही असते. ज्यांचे मन पूर्णच ढासळे त्यांना बोटीने इंग्लंडला पाठवीत. साउथॅम्प्टनजवळच्या नेटली येथील लष्करी इस्पितळात १८७० साली त्यांच्यासाठी 'डी ब्लॉक' उघडला गेला. तिथल्या नोंदी आहेत. पण जो देवळालीतून धड परतला, गावी जाऊन कामाला लागला, ज्याने पुन्हा ग्लास उचलला नाही, तो दप्तरातून नाहीसा होतो. बरे होण्याचा इतिहास लिहायला साधन कमी पडते ते यामुळे.

पहिल्या महायुद्धाने हे चित्र थोडे बदलले. फेब्रुवारी १९१५ मध्ये चार्ल्स मायर्स याने 'लॅन्सेट'मध्ये 'शेल शॉक' हा शब्द छापला आणि मनाच्या जखमेला वैद्यकीय नाव मिळाले. त्याच काळात मेसोपोटेमियातून जखमींचे लोंढे मुंबई बंदरात येऊ लागले. १९१४ मध्ये नेटलीच्याच आवारात सुरू झालेले 'वेल्श हॉस्पिटल' १९१६ साली उचलून देवळालीला आणले गेले. ज्या नेटलीला देवळालीचे वेडे जात, तिथूनच देवळालीला इस्पितळ यावे, हा योगायोग कादंबरीकाराने योजला असता तर खोटा वाटला असता.

रिचर्ड्स तोवर पुन्हा गणवेशात होता आणि फ्रान्सच्या खंदकांत अखेरपर्यंत टिकला. त्याच्याच रेजिमेंटचा अधिकारी, कवी सिगफ्रिड ससून, १९१७ मध्ये एडिंबरोजवळच्या क्रेगलॉकहार्ट इस्पितळात डॉ. डब्ल्यू. एच. आर. रिव्हर्स याच्याकडे होता. हा रिव्हर्स एकेकाळी निलगिरीत राहून तोडा लोकांचा अभ्यास करून गेलेला मानववंशशास्त्रज्ञ. घडलेले दडपून विसरण्याचा सल्ला रुग्णाला अधिक आजारी करतो, असे त्याचे म्हणणे. म्हणून तो ऐकत बसे. अधिकाऱ्यांच्या वाट्याला असा श्रोता आला. साध्या शिपायाच्या वाट्याला बहुधा विजेचे झटके आणि दटावणी आली.

आणि मराठी शिपायाच्या? कुत-अल-अमाराच्या वेढ्यात अडकलेल्या फौजेचे नावच 'सहावी (पूना) डिव्हिजन' होते. १०३वी, ११०वी आणि ११७वी या मराठा पलटणी तिच्यात होत्या. २९ एप्रिल १९१६ रोजी, १४७ दिवसांच्या उपासमारीनंतर, ती शरण गेली आणि त्यानंतर वाळवंटातली पायपीट व कैद सुरू झाली. तिथून सातारा-रत्नागिरीच्या घरी परतलेल्यांना रात्री काय दिसे, याला नाव देणारा डॉक्टर त्यांच्या गावी नव्हता. फ्रान्सहून आलेल्या हिंदी सैनिकांच्या पत्रांवर सेन्सॉर म्हणून नेमलेला ई. बी. हॉवेल याने मात्र एक बारीक गोष्ट टिपली होती: जखमी शिपाई पत्रांतून कविता लिहू लागले होते, आणि त्याला ते मनाच्या अस्वस्थतेचे लक्षण वाटले. कविता हे दुखण्याचे लक्षण होते की त्यावरचा उतारा, हा प्रश्न त्याला पडलेला दिसत नाही.

बरे होणे म्हणजे एकदाच घडून संपणारी घटना, असा समज असेल तर तो स्पाइक मिलिगनच्या आयुष्याने मोडतो. १९१८ साली अहमदनगरला जन्मलेला, पुण्यात बालपण गेलेला, तोफखान्यातल्या सैनिकाचा हा मुलगा स्वतःही तोफखान्यात गेला. जानेवारी १९४४ मध्ये इटलीत तो जखमी झाला; पाय वाचला, मन कोसळले. हुद्दा काढून घेऊन त्याला पिछाडीला पाठवले गेले. तिथे तो सैनिकांच्या करमणुकीच्या कार्यक्रमांत शिरला आणि पुढे ब्रिटिश विनोदाची दिशाच बदलणारा लेखक झाला. तरी आजार आयुष्यभर परत परत येत राहिला. १९९३ मध्ये मानसोपचारतज्ज्ञ अँथनी क्लेअर यांच्यासह त्याने नैराश्यावर पुस्तक लिहिले. त्या पुस्तकाच्या नावात 'बरे होणे' नाही, 'तगून राहणे' आहे.

व्यसनाच्या बाबतीत सैनिकी खोलीतली जुनी युक्ती दुसऱ्या वाटेने परतली. बिल विल्सन हा अमेरिकी माणूस १९१७ साली लष्करी अधिकारी असताना प्यायला लागला. सर्वस्व गमावल्यावर १९३५ मध्ये त्याने डॉ. बॉब स्मिथ या दुसऱ्या दारुड्याबरोबर 'अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस' सुरू केली. तिथेही खोली, चहा-कॉफी, आणि मुदत पार पडल्याचे बिल्ले. फरक दोन: शपथ जन्माची नाही, आजच्या दिवसाची, आणि बोलणारा पाद्री किंवा सेनापती नाही, स्वतः तेच भोगलेला माणूस. निनावी राहणे हा तर तिथला नियमच. १९५७ पासून ही चळवळ भारतात आहे.

मराठीत या अनुभवांना खरा आवाज मिळाला तो १९८० च्या दशकात. अनिल अवचट यांनी पुण्यातल्या गर्दच्या विळख्यावर लिहिले. ते वाचून पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे यांनी आर्थिक हात दिला. येरवड्याच्या मनोरुग्णालयात काम करणाऱ्या डॉ. अनिता अवचट यांनी २९ ऑगस्ट १९८६ रोजी त्याच आवारात 'मुक्तांगण' सुरू केले. पाच आठवड्यांचा तिथला उपचार पाहिला की देवळालीची उलटी प्रतिमा डोळ्यांसमोर येते. पहाटेपासून दिवस बांधलेला: व्यायाम, श्रमदान, गटात बसून बोलणे, गाणी. रिकामी दुपार जवळजवळ नाहीच.

तिथले कित्येक समुपदेशक पूर्वी तिथेच रुग्ण म्हणून आलेले आहेत. नव्याने दाखल झालेल्या, हात थरथरणाऱ्या माणसासमोर ते बसतात आणि आधी स्वतःची हकिगत सांगतात.